टार्टन : जुनी मोजणी, नवी नावं

(स्नेहमेळाव्यात केलेलं भाषण, स्मरणिकेसाठी थोडं नीटनेटकं करून)



संयोजकांनी मला फोनवर सांगितलं होतं, "वीस मिनिटं बोल, कशावरही बोल, फक्त कॉम्प्युटरवर बोलू नकोस." गेली बावीस-तेवीस वर्षं मी दुसरं काही केलेलंच नाही, त्यामुळे अट जरा जाचक होती. शेवटी ठरवलं, कापडावर बोलू. इचलकरंजीत येऊन कापडावर बोलायचं म्हणजे पंढरपुरात जाऊन अभंग शिकवायचा, हे मला कळतं. आपल्या वर्गातल्या निम्म्यांच्या घरी माग होते आणि उरलेल्या निम्म्यांच्या घरची माणसं त्या मागांवर कामाला होती. पण मी ज्या कापडाबद्दल बोलणार आहे ते इथलं नाही. ते स्कॉटलंडचं आहे, त्याला टार्टन म्हणतात. बॅगपाइप वाजवणारे पुरुष घागऱ्यासारखा किल्ट नेसतात ना, त्याचं ते चौकटीचं कापड.

माझा त्याच्याशी संबंध आला तो असा. २०११ साली कंपनीने मला दोन वर्षांसाठी एडिंबराला पाठवलं. तिथे किल्ल्यापासून खाली राजवाड्यापर्यंत उतरत जाणारा एक जुना रस्ता आहे, रॉयल माइल. दर चार पावलांवर टार्टनचं दुकान. आप्पांसाठी मफलर घ्यावा म्हणून एका दुकानात शिरले. दुकानदाराने विचारलं, "आडनाव काय तुमचं?" मला वाटलं, बिलावर लिहायला हवं असेल. मी सांगितलं, स्पेलिंगही सांगितलं. त्याने ते समोरच्या संगणकात टाकलं, आणि पत्रिका जुळत नाही म्हणून सांगताना गुरुजी करतात तसा चेहरा करून म्हणाला, "सॉरी, तुमच्या आडनावाचं टार्टन नाही." तिथे मॅकडोनाल्डचं वेगळं, कॅम्पबेलचं वेगळं, असं प्रत्येक कुळाचं आपापलं टार्टन असतं म्हणे. मग माझी समजूत घालत त्याने एक मफलर काढला, गडद निळा, काळा आणि हिरवा. ह्याचं नाव 'ब्लॅक वॉच', हे कोणीही घालावं, आडनावाची अट नाही. मी घेतला.

रात्री मात्र झोप लागेना. आडनाव टाकलं की कापड येतं, म्हणजे आत एक तक्ता आहे. तक्ता आहे म्हणजे तो कुणीतरी भरलाय. कुणी, कधी, कशावरून? दुकानदार म्हणाला होता, "शेकडो वर्षांपासून चालत आलंय." आमच्या धंद्यात "हे पहिल्यापासून असंच आहे" असं कुणी म्हटलं की समजायचं, गेल्या दिवाळीत कुणीतरी घुसडलंय. पुढची दोन वर्षं शनिवार-रविवारी मी तो तक्ता कुणी भरला हे शोधत होते. संग्रहालयं पाहिली, वाचनालयांत बसले. नवरा म्हणायचा, एवढा अभ्यास दहावीत केला असतास तर बोर्डात आली असतीस. समोर गणिताचे सर बसलेत, त्यामुळे ह्यावर मी जास्त बोलत नाही.

आधी कापडच बघू. सगळे चेक्स म्हणजे टार्टन नव्हे. टार्टनमध्ये ताण्याचा रंगक्रम आणि बाण्याचा रंगक्रम एकच असतो. ताण्यात २४ निळे, ४ काळे, २४ हिरवे धागे लावले तर बाण्यातही तेच, त्याच क्रमाने. ह्या क्रमाला ते 'सेट' म्हणतात. बहुतेक टार्टनांत हा सेट टोकापर्यंत जातो आणि तिथून आरशात पाहिल्यासारखा उलटा फिरतो. आपण वर्गात 'रामाला भाला मारा' उलटसुलट वाचायचो, तसंच. त्यात वळणावरचा 'भा' एकदाच येतो. टार्टनमध्येही वळणाचा पट्टा दोनदा मोजत नाहीत. वीण ट्विलची, दोनावर दोन, आणि दर पिकाला एक धागा सरकत जाणारी. म्हणून जीन्सच्या कापडावर दिसतात तशा तिरप्या रेषा त्यावर दिसतात. इथल्या भाषेत सांगायचं तर चार वह्यांचं काम.

आता गंमत बघा. निळ्यावर निळा आला की शुद्ध निळा चौकोन. निळ्यावर हिरवा आला की दोन्हींच्या मधला तिसराच रंग डोळ्याला दिसतो, रंगवलेला नसतानाही. तीन रंगांचे धागे घेतले तर कापडावर सहा छटा दिसतात. सहा रंग घेतले तर एकवीस. कुठलाही रंग एकटा पडत नाही, प्रत्येक रंग प्रत्येक रंगाला कुठे ना कुठे भेटतोच. लांबून बघितलं की चौकटी गडद, जवळून बघितलं की धुक्यातून बघितल्यासारख्या. टार्टन डोळ्याला का धरून ठेवतं ह्याचं माझ्यापुरतं उत्तर हेच आहे. नियम इतका साधा, आणि निघतं ते इतकं गुंतागुंतीचं.

आणि हे अख्खं कापड एका ओळीत लिहिता येतं. रंगाचं अक्षर, धाग्यांची संख्या, पुन्हा रंगाचं अक्षर, पुन्हा संख्या. १७०३ साली मार्टिन मार्टिन नावाच्या, मूळच्या स्काय बेटावरच्या माणसाने स्कॉटलंडच्या पश्चिमेकडच्या बेटांचं वर्णन छापलं. त्यात तो सांगतो की तिथल्या बायका लाकडाच्या एका तुकड्यावर कापडाचा नमुना नोंदवून ठेवत, प्रत्येक पट्ट्यातल्या धाग्यांच्या संख्येसकट. हे वाचलं तेव्हा मी वाचनालयात एकटीच हसले. मी पोटापाण्यासाठी जे करते ते ह्या बायका तीनशे वर्षांपूर्वी काठीवर करत होत्या. मार्टिन आणखी एक सांगतो. माणसाच्या अंगावरचं कापड बघून तो कुठला राहणारा हे ओळखता येई. कुठला राहणारा. कुठल्या आडनावाचा, असं तो म्हणत नाही.

कापड जुनं आहे ह्यात शंका नाही. एडिंबराच्या राष्ट्रीय संग्रहालयात एक लहानसा तुकडा ठेवलाय, फॉल्कर्क गावाजवळ सापडलेला, इसवी सनाच्या तिसऱ्या शतकातला. रोमन चांदीच्या जवळजवळ दोन हजार नाण्यांनी भरलेलं एक मडकं निघालं, त्याच्याबरोबर हा होता. रंगवलेला नाही, एक धागा पांढरट मेंढीचा, एक गडद मेंढीचा, बस. दुसरा तुकडा ग्लेन अफ्रिक नावाच्या दरीतल्या दलदलीत १९८०च्या दशकात मिळाला. त्याची शास्त्रीय तपासणी होऊन २०२३ मध्ये जाहीर झालं की तो सोळाव्या शतकातला असावा. त्यात हिरवा आहे, तपकिरी आहे, आणि बहुधा लाल-पिवळाही. म्हणजे दुकानदार निम्मा बरोबर होता. मोजणी जुनी. उरली आडनावं.

इथे थोडा इतिहास सांगावा लागेल. १६ एप्रिल १७४६, पानिपतच्या पंधरा वर्षं आधी, स्कॉटलंडच्या उत्तरेला कलोडनच्या माळावर लढाई झाली. गादीवरून घालवलेल्या स्टुअर्ट घराण्याचा राजपुत्र चार्ल्स एका बाजूला, त्याच्यासोबत डोंगराळ भागातली, म्हणजे हायलँड्सची, पुष्कळ कुळं. दुसऱ्या बाजूला सरकारी फौज. तासाभराच्या आत सगळं संपलं. ह्या लढाईचं डेव्हिड मोरियर नावाच्या चित्रकाराने काढलेलं चित्र प्रसिद्ध आहे. त्यातल्या हायलँडर सैनिकांकडे नीट बघा. एकाच्या अंगावरचं टार्टन दुसऱ्यासारखं नाही. इतकंच काय, एकाच माणसाच्या अंगावर दोन-तीन तऱ्हांची टार्टनं. आपला कोण हे कपड्याच्या चौकटीवरून ओळखायचं असतं तर त्या माळावर घोळच झाला असता. चार्ल्सची माणसं टोपीवर पांढरी फीत लावत, त्यावरून ओळखत.

लढाईनंतर सरकारने हायलँड्सची हत्यारं काढून घेतली, आणि कपडेही. १७४६चाच कायदा, अंमल १ ऑगस्ट १७४७ पासून. पुरुषाने किंवा मुलाने हायलँडचा पोशाख घातला तर सहा महिने तुरुंग. दुसऱ्यांदा सापडला तर सात वर्षं समुद्रापलीकडे हद्दपारी. बायकांना बंदी नव्हती. आणि सैनिकांनाही नव्हती. ही सैनिकांची सूट मला फार वेळ टोचत राहिली. म्हणजे हायलँडच्या तरुण पुरुषाने आपला पोशाख कायद्याने घालायचा एकच मार्ग, ज्या सरकारने तो उतरवला त्याच सरकारच्या फौजेत जायचं. त्या फौजेतली हायलँडर लोकांची सर्वांत जुनी पलटण, डोंगरांत पहारा द्यायला उभी केलेली, तिचं नाव ब्लॅक वॉच. तिचं कापड गडद निळं, काळं, हिरवं. 'कोणीही घालावं' म्हणून मला विकलेला मफलर तो हा.

बंदी पस्तीस वर्षं टिकली. १७८२ मध्ये उठली तेव्हा एक अख्खी पिढी ह्या कपड्याशिवाय मोठी झाली होती. टार्टन मात्र मेलं नव्हतं, कारण पलटणींना ते लागतच होतं. बॅनकबर्न गावात विल्सन नावाच्या कुटुंबाचा विणकामाचा मोठा कारखाना होता, तो हे कापड पुरवायचा. त्यांची १८१९ची नमुन्यांची वही प्रसिद्ध आहे, कोणत्या सेटला किती धागे, कोणता रंग, सगळं नोंदलेलं. त्यांच्या बऱ्याच कापडांना नाव नव्हतंच, नुसता नंबर होता.

आता नंबराचं नाव कसं झालं ते ऐका. लंडनमध्ये हायलँड सोसायटी नावाची मंडळी होती. त्यांनी १८१५ साली कुळांच्या प्रमुखांना कळवलं की आपापल्या कुळाच्या टार्टनचा तुकडा सही-शिक्क्यासह पाठवा, आम्ही जपून ठेवतो. बऱ्याच प्रमुखांना आपलं टार्टन कोणतं हे ठाऊक नव्हतं. मग १८२२ साली राजा चौथा जॉर्ज एडिंबराला येणार असं ठरलं. जवळजवळ पावणेदोनशे वर्षांनी गादीवरचा राजा स्कॉटलंडमध्ये पाऊल ठेवणार होता. सोहळा बसवला कादंबरीकार वॉल्टर स्कॉटने. सगळ्यांनी हायलँडचा पोशाख घालून यायचं. राजाने स्वतः किल्ट घातला, खाली गुलाबीसर रंगाची तंग विजार घातली, आणि ह्या एका पोशाखावर १,३०० पौंडांहून जास्त उडवले. लोकांनी त्याची चिकार टिंगल केली. पण ज्यांना कालपर्यंत एडिंबराचे शहाणे लोक गुरं चोरणारे रानटी म्हणत होते, त्यांचा पोशाख रातोरात सगळ्या देशाचा झाला. विल्सनच्या कारखान्यावर ऑर्डरींचा पाऊस. इतिहासकार ह्यू ट्रेव्हर-रोपर यांनी १९८३ साली छापलेल्या एका लेखात ह्यातला एक किस्सा सांगितलाय. मॅकफर्सन कुळाच्या प्रमुखाला जे टार्टन मिळालं त्याचं आधीचं नाव होतं 'किड', कारण किड नावाच्या व्यापाऱ्याने ते वेस्ट इंडीजमधल्या आपल्या गुलामांच्या कपड्यांसाठी घाऊक घेतलं होतं. आणि त्याआधी? त्याआधी त्याला फक्त नंबर होता.

पुढे दोन भाऊ उपटले. आम्ही राजपुत्र चार्ल्सचे नातू, असं सांगत हिंडायचे. त्यांनी १८४२ साली एक देखणा ग्रंथ छापला, 'व्हेस्टिअरियम स्कॉटिकम'. सोळाव्या शतकातल्या हस्तलिखितावरून घेतलाय म्हणे, कोणत्या कुळाचं कोणतं टार्टन ह्याची यादीच. हस्तलिखित कुणाला धड बघायला मिळालं नाही. ग्रंथ बनावट ठरला, पण त्यातली बरीचशी टार्टनं आजही त्या त्या कुळांची म्हणून विकली जातात. त्यानंतर व्हिक्टोरिया राणीने बालमोरलला घर केलं, गालिचेसुद्धा टार्टनचे. मग काय विचारता.

एक गोष्ट मात्र ह्या थाटामाटात झाकली जाते. त्याच काळात हायलँड्समध्ये जमीनदार कुळांना घरांतून बाहेर काढत होते, कारण माणसांपेक्षा मेंढ्या पाळणं फायद्याचं होतं. सदरलँडमध्ये तर घरांची छपरं जाळून लोकांना किनाऱ्याकडे आणि बोटींवर हाकललं. पोशाख राजाच्या अंगावर चढत होता आणि ज्यांचा तो पोशाख ते कॅनडाला निघाले होते.

एवढं सगळं वाचून झाल्यावर मला शहाणपणाची भारी खुमखुमी आली. ऑफिसात माझ्या शेजारी एक स्कॉटिश मुलगी बसायची. जेवणाच्या सुट्टीत मी तिला ऐकवलं, "तुमची कुळांची टार्टनं खोटी आहेत, माहितीये का? दोनशे वर्षांपूर्वी कारखानदारांनी ठरवलीयत." ती शांतपणे म्हणाली, "माहितीये. शाळेत शिकवतात." मग जरा थांबून म्हणाली, "माझ्या भावाला आम्ही त्याच्या किल्टमध्ये पुरलं. आजोबांनी लग्नात घातलेला तो किल्ट होता." आणि तिने डबा बंद केला. मी दुपारभर स्क्रीनकडे बघत बसले, काम काही झालं नाही. तिची माफी मागायला मला दोन दिवस लागले.

२०१२च्या दिवाळीला घरी आले तेव्हा मफलर आप्पांच्या हातात दिला. तुमच्यातल्या पुष्कळांना माहीत आहे, आप्पा वहिफणीचं काम करायचे. बाकीच्यांसाठी सांगते: बीमवरचा प्रत्येक धागा हुकाने आधी वहीच्या डोळ्यातून आणि मग फणीच्या घरातून ओढून घ्यायचा. दोन-अडीच हजार धागे, एकेक. एक धागा चुकला की अख्ख्या थानभर रेघ. चौतीस वर्षं हे काम करून त्यांची नजर पार गेली होती. मला इंजिनिअर केलं ते ह्या कामाने, पण कुठल्याही थानावर त्यांचं नाव नव्हतं. दिवाणजीच्या वहीत डिझाइनचा नंबर असायचा आणि कापड मुंबईच्या बाजारात गेलं की तिथे त्याचं काहीतरी चमकदार नाव ठेवलं जायचं.

आप्पांनी मफलर गळ्यात घातला नाही. उन्हात धरला, भिंग काढलं, नखाने धागे सरकवत पुटपुटत बसले. बऱ्याच वेळाने म्हणाले, "चार वह्यांचं हाय. दोनावर दोन. हितनं उलटं फिरलंय बघ." मी त्यांना काहीच सांगितलेलं नव्हतं. मग म्हणाले, "नंबर काय ह्येचा?"

मी म्हटलं, "नंबर नाही आप्पा, नाव आहे. ब्लॅक वॉच."

"नाव बाजारवाले ठेवत्यात. नंबर सांग."

बॅनकबर्नच्या कारखान्यातला विणकरही हेच म्हणाला असता. मी काही बोलायच्या आत त्यांनी आईकडून काडेपेटी घेतली आणि मफलरच्या दशीतला एक धागा तोडून पेटवला. लोकर जळली की केस जळल्याचा वास येतो आणि राख बोटात चुरडते. हा धागा आक्रसला, वितळला आणि टोकाला काळा टणक मणी झाला. आप्पांनी तो माझ्या तळहातावर ठेवला. "मोजणी बराबर हाय पोरी. लोकर न्हाई ही." लेबल मी वाचलंच नव्हतं. त्यावर बारीक अक्षरात अ‍ॅक्रिलिक लिहिलेलं होतं.

पण त्यांनी तो पुढची सगळी वर्षं, थंडीत पहाटे फिरायला जाताना वापरला. विचारणाऱ्याला सांगायचे, "हिकडचंच डिझाइन हाय, जरा लांबनं आलंय." आता आप्पा नाहीत. मफलर माझ्याकडे आहे.

तो आडनावांचा तक्ता आता सरकारी झालाय, हे सांगायचं राहिलं. स्कॉटलंडच्या संसदेने २००८ साली कायदा केला आणि फेब्रुवारी २००९ पासून टार्टनची अधिकृत नोंदवही सुरू झाली. संकेतस्थळावर कुणालाही बघता येते, धाग्यांच्या मोजणीसकट. नवीन टार्टन कुणीही नोंदवू शकतं. सेट आधीच्यांपेक्षा वेगळा हवा आणि जे नाव देताय त्याच्याशी तुमचा संबंध काय ते सांगावं लागतं. शहरांची, विद्यापीठांची, फुटबॉल क्लबांची टार्टनं त्यात आहेत. 'सिंग' आडनावाचंही एक आहे, १९९९ पासूनचं. कुळ, दस्तऐवज, हस्तलिखित काही लागत नाही. आमच्या भाषेत म्हणायचं तर तक्ता सगळ्यांना लिहिण्यासाठी उघडा केलाय. माझ्या मते दोनशे वर्षांत त्या तक्त्यासंबंधी घेतलेला हा सर्वांत प्रामाणिक निर्णय आहे.

जाता जाता कामाचं. आपल्यातल्या पाच-सहा जणांची मुलं तिकडे शिकायला आहेत, भेटायला जाल तेव्हा मफलर घ्यालच. लेबल आधी वाचा. तिरपी रेष दिसते का बघा. नसेल तर नुसतं छापलेलंही असू शकतं. ताण्याकडून धागे मोजा, मग बाण्याकडून मोजा, दोन्ही जुळले पाहिजेत. कुठून उलटं फिरतंय ते शोधा. आणि धागा जाळून बघायचा असेल तर कृपा करून पैसे दिल्यावर, दुकानाच्या बाहेर येऊन.